एकाची किंमत

आषाढातली संध्याकाळ होती. पनवेलचा पाऊस ज्यांनी पाहिला आहे त्यांना वेगळे सांगायला नको. वडाळे तलाव काठोकाठ भरला होता, वीज दोनदा जाऊन आली होती आणि कपडे वाळत नाहीत म्हणून घरभर दोऱ्या बांधल्या होत्या. त्या ओल्या कपड्यांच्या खाली, जेवणाच्या टेबलावर, सातवीत शिकणारी माझी नात गणिताची वही पसरून बसली होती. बराच वेळ पेन्सिल चावून झाल्यावर तिने मला विचारले, "आबा, इथे गुणायचं की भागायचं?"

उदाहरण साधे होते. बारा वह्यांची किंमत ४२० रुपये, तर सात वह्यांची किंमत किती?

"तुला काय वाटतं?" मी विचारले.

"दोन्ही करायचं असतं. पण भागायचं कशाने आणि गुणायचं कशाने, ते आठवत नाही."

मग तिने धीर करून सातने भागले, बाराने गुणले आणि उत्तर लिहिले : ७२० रुपये. खाली दोन रेघा मारल्या. मी वही हातात घेतली. भागाकार बिनचूक, गुणाकार बिनचूक, अक्षर मोत्यासारखे. मी म्हटले, "अगं, बारा वह्या ४२० रुपयांना मिळतात आणि सात वह्यांना ७२० पडतात? कमी वह्या जास्त महाग कशा?"

तिने माझ्याकडे शांतपणे पाहिले आणि म्हणाली, "गणितात असतं तसं."

उदाहरण चुकल्याचे मला काही वाटले नाही. बँकेत छत्तीस वर्षे काढलेल्या माणसाच्या हातून बेरजाही चुकलेल्या असतात. पण "गणितात असतं तसं" हे वाक्य मला लागले. ही मुलगी दुकानात जाते, खाऊ आणते, सुटे पैसे मोजून परत घेते. तिथे कोणी तिला असा हिशेब सांगितला असता तर ती भांडली असती. वहीत मात्र वाटेल ते घडू शकते, असे तिने मनाशी मान्य करून टाकले होते.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. उघडीप पाहून मी पिशवी घेऊन उरण नाक्याच्या बाजारात गेलो. पावसाळ्यात तिथे माथेरान आणि प्रबळगडाच्या पायथ्याच्या वाड्यांवरून ठाकूर आणि कातकरी बायका रानभाज्या घेऊन येतात. टाकळा, कुर्डू, भारंगी, नंतर कंटोली. एका बाईपुढे कंटोल्यांची हिरवीगार रास होती आणि शेजारी बारा-तेरा वर्षांची तिची मुलगी वजनकाटा मांडीजवळ घेऊन बसली होती. भाव विचारला. "साठ रुपये पाव."

"मला शंभर रुपयांची दे," मी म्हणालो.

त्या पोरीने कागद घेतला नाही, मोबाइल काढला नाही. कंटोली टाकता टाकता पुटपुटली, "साठची पाव. तीसची अर्धा पाव. नव्वदची झाली दीड पाव. ऱ्हायले धा." मग काट्यावर ३७५ चा आकडा आल्यावर तिने आणखी तीन-चार कंटोली वर टाकली आणि पिशवीचे तोंड माझ्याकडे केले.

मी घरी आल्यावर कागदावर मांडून पाहिले. साठ रुपयांना २५० ग्रॅम, तर शंभर रुपयांना ४१६ ग्रॅमच्या किंचित वर. पोरीने दिले होते ते बरोबर होते.

निघण्यापूर्वी मी तिला विचारले होते, "शाळेत जातेस ना?" तिच्याऐवजी आईच बोलली. "जाते ना बाबा. सातवीला हाय. पन गनित नाय येत तिला. बाई बोलतात कच्ची हाय. आठवीला घालायची का घरी ठेवायची, बघू आता."

पोरगी खाली मान घालून कंटोली निवडत राहिली.

एका दिवसाच्या अंतराने मी दोन मुली पाहिल्या. दोघी सातवीतल्या. एकीला वहीतली रीत येते पण उत्तराला अर्थ असतो याचा पत्ता नाही. दुसरीला अर्थ पुरता ठाऊक आहे, पण तो वहीत उतरत नाही, म्हणून तिला गणित येत नाही असे ठरले आहे, आणि त्यावर तिची पुढची शाळा लोंबकळते आहे.

हे केवळ पनवेलच्या बाजारातले नवल नाही. ब्राझीलमधल्या रेसिफे शहरात तेरेझिन्हा नुनेस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी रस्त्यावर माल विकणाऱ्या पाच मुलांचा अभ्यास करून तो १९८५ मध्ये प्रसिद्ध केला. मुले नऊ ते पंधरा वर्षांची. गिऱ्हाईक म्हणून विचारलेल्या हिशेबांत त्यांची शंभरातली अठ्ठ्याण्णव उत्तरे बरोबर आली. तसेच हिशेब नंतर कागदावर नुसत्या आकड्यांत मांडून दिले तेव्हा बरोबर उत्तरे शंभरात सदतीसवर घसरली. त्यातल्या एका मुलाकडे गिऱ्हाइकाने पस्तीसला एक या भावाने दहा नारळ मागितले. त्याने तीन नारळांचे १०५ धरले, आणखी तीन मिळवून २१० केले, पुढे ३१५ वरून ३५० ला पोचला. दहाने गुणायचे तर पुढे शून्य द्यायचे, ही शाळेची युक्ती त्याला लागलीच नाही. आमच्या कंटोलीवालीची साठ, तीस, नव्वद ही चाल त्याच्याच जातकुळीची.

आपल्या देशातही असेच दिसले आहे. मानखुर्दच्या होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्रातले अरिंदम बोस आणि के. सुब्रमण्यम यांनी धारावीतल्या, घरच्या उद्योगात हात लावणाऱ्या शाळकरी मुलांचे गणित अभ्यासले. २०२५ मध्ये अभिजित बॅनर्जी, एस्थर डुफ्लो आदींचा कोलकाता आणि दिल्लीच्या बाजारांतल्या मुलांवरचा अभ्यास 'नेचर' या नियतकालिकात आला. बाजारातली मुले अवघड व्यवहार तोंडी करतात, पण शाळेच्या धर्तीची साधी उदाहरणे त्यांना अडतात. आणि त्याच अभ्यासाची दुसरी बाजू आपण घरच्यांनी नीट वाचावी अशी आहे : शाळेत बरी असलेली मुले बाजारातला हिशेब समोर आला की गडबडतात. म्हणजे माझी नात आणि ती कंटोलीवाली, दोघींची गणना त्यात झालेली आहे.

या उदाहरणांना आपल्याकडे सहावी-सातवीच्या पुस्तकात 'एकमान पद्धत' म्हणतात. आधी एकाची किंमत काढायची, मग हव्या तितक्यांची. त्याच्याही आधी आपल्या देशात त्रैराशिक होते. आर्यभटाने इसवी सन ४९९ च्या आपल्या ग्रंथात त्याची रीत दिली. त्यातल्या तीन राशींची नावे मोठी सुरेख आहेत : प्रमाण, फल आणि इच्छा. बारा वह्या हे प्रमाण, ४२० रुपये हे फल आणि सात वह्या ही इच्छा. फलाला इच्छेने गुणा, प्रमाणाने भागा. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त, म्हणजे ११५० च्या ग्रंथात, केशराचे उदाहरण आहे. अडीच पळे केशर तीन सप्तमांश निष्कांना मिळते, तर नऊ निष्कांना किती? उत्तर साडेबावन्न पळे. हा बाजार आपल्याला अगदी परका नाही. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला, त्याचा तेराव्या शतकाच्या आरंभीचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटण येथे भाऊ दाजी लाड यांना सापडला. गणितात आजोबा आणि नातवंडे यांचा संबंध इतका जुना आहे.

त्रैराशिक झटपट आहे, पण त्यात 'एक' कुठे दिसत नाही. गुणून भागून उत्तर हाती येते आणि मधे काय घडले ते झाकलेले राहते. माझ्या नातीचे नेमके हेच झाले. इच्छेच्या जागी प्रमाण बसले आणि तिला कळले नाही. एकमान पद्धतीत वाट थोडी लांबची, पण मधल्या थांब्यावर एका वहीचे पस्तीस रुपये दिसतात आणि पस्तीसला वही मिळते का, हे आपण ताडून पाहू शकतो. तिने ४२० ला सातने भागले तेव्हा साठ आले. त्या साठावर थांबून 'हे साठ कशाचे?' असे तिने स्वतःला विचारले असते, तर पुढची चूक झालीच नसती.

माझे वडील पनवेलच्या एका भातगिरणीत हिशेबनीस होते. त्यांच्या पिढीला हा मधला थांबा रोज गाठावा लागे, कारण आकडे अडचणीचे होते. रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे आणि बारा पै. मणाचे चाळीस शेर, शेराचे ऐंशी तोळे. भात मोजायला पायली आणि अधोली वेगळीच. त्यासाठी पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी असे पाढे पाठ असत. वडील सांगायचे, मणाला जितके रुपये, अडीच शेराला तितके आणे. लहानपणी मला हा मंत्र वाटे. पुढे कळले की मंत्र वगैरे काही नाही. चाळीस शेरांना सोळाने भागले की अडीच शेर येतात. एक रुपयाला मणभर माल, तर एक आण्याला अडीच शेर. गुळाचा भाव मणाला वीस रुपये असला की अडीच शेराला वीस आणे, म्हणजे सव्वा रुपया. यातही एकच आहे, पण तो एक शेराचा न धरता सोयीचा धरलेला आहे.

१ एप्रिल १९५७ पासून दशमान नाणी आली, १९५८ च्या ऑक्टोबरपासून किलोग्रॅम येऊ लागला आणि पुढच्या चार-पाच वर्षांत शेर-मण बाजारातून उठले. हिशेब सोपे झाले हे उत्तमच झाले. मात्र सोपे झाल्यामुळे आपण 'कशाचा एक?' हे विचारायचे सोडून दिले, असे मला वाटते. आणि विचारायचे सोडले की दुसरा कोणी आपल्या वतीने तो एक ठरवतो.

बँकेत मी हे जन्मभर पाहिले. पैशालाही भाव असतो, त्याला आपण व्याज म्हणतो. कर्ज मागायला आलेल्या माणसाला मी सांगायचो, शेकडा बारा, वर्षाला. तो मनात म्हणायचा, बारा फार झाले, गावातला सावकार तर पाचच पैसे घेतो. रुपयामागे पाच पैसे, महिन्याला. पाच पैशांत आजकाल काय येते? पण पाच पैसे रुपयाला म्हणजे शंभराला पाच रुपये, तेही एका महिन्याचे. वर्षाचे झाले साठ. बारा मोठे वाटत होते आणि साठ लहान, कारण सावकाराने रुपयाचा एक आणि महिन्याचा एक निवडला होता. भाव वाढवायचा नसेल तेव्हा माप लहान करावे, हे त्याला कोणी शाळेत शिकवले नव्हते.

आणि आमच्या पनवेलला तर जमिनीने हा धडा गिरवायला लावला. १९७० मध्ये सिडको स्थापन झाली, पनवेल-उरणच्या गावांतल्या शेतजमिनी नव्या शहरासाठी संपादित होऊ लागल्या. योग्य मोबदल्यासाठी दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली लढा झाला, जानेवारी १९८४ मध्ये जासई परिसरात गोळीबारात पाच जण हुतात्मा झाले. पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना आली. साडेबारा टक्के म्हणजे आठवा हिस्सा, एकराला पाच गुंठे, त्यातली वजावट वेगळी, हे गावोगाव तोंडपाठ झाले. एकराने गेलेली जमीन परत आली ती चौरस मीटरने, आणि तिच्यावर उभ्या राहिलेल्या इमारती विकल्या गेल्या चौरस फुटाने. एका जमिनीची तीन मापे. यातले प्रत्येक माप बदलताना कोणी ना कोणी फसले.

त्यातला एक मला विसरता येत नाही. १९९० च्या दशकाचा मध्य असेल. मी पनवेलच्या एका शाखेत अधिकारी होतो. महिनाअखेर होती, टेबलावर खातेवह्यांचा ढीग होता. जवळच्या गावातले एक वृद्ध खातेदार काउंटरवरून वाकून मला म्हणाले, "साहेब, गुंठ्याचे फूट किती?" मी वर न बघता सांगितले, "एक हजार एकोणनव्वद." ते "बरं" म्हणाले, थोडा वेळ तिथेच उभे राहिले आणि गेले.

आठवड्याने ते इसाराची रक्कम भरायला आले, तेव्हा सगळे कळले. गावठाणालगतची चार गुंठे जागा ते विकत होते. दोन गिऱ्हाइके आली होती. एकाने सांगितले, गुंठ्याला एक लाख. दुसऱ्याने सांगितले, फुटाला एकशे दहा. लाख आणि एकशे दहा यांत काय निवडायचे? त्यांनी लाखाला हात दिला होता आणि इसार पावती केली होती. मी त्यांच्यासमोरच कागदावर १०८९ गुणिले ११० केले. एक लाख एकोणीस हजार सातशे नव्वद. चार गुंठ्यांत एकोणऐंशी हजार एकशे साठ रुपयांचा फरक. त्या काळी एवढ्या रकमेत एका मुलीचे लग्न होऊन वर थोडे उरले असते.

त्यांनी कागद पाहिला आणि घडी करून खिशात ठेवला. म्हणाले, "तुम्ही आकडा बरोबर सांगितला होतात, साहेब."

सांगितला होता. पण ते का विचारतात हे विचारायला मला अर्धे मिनिट मिळाले नव्हते. आणि एक हजार एकोणनव्वद माहीत झाल्यावर पुढे काय करायचे ते विचारायला त्यांना लाज वाटली होती. ती लाज कुठून आली असेल याचा मी पुष्कळ विचार केला आहे. कधी काळी, कुठल्या तरी वर्गात, 'गुणायचं की भागायचं' असे विचारल्यावर हशा झाला असणार. उत्तर बरोबर असणे पुरेसे नसते, हे मला त्या कागदाने शिकवले. नातीच्या वहीवर मी जो इतका वेळ रेंगाळलो, त्याचे मूळ तिथे आहे.

आता बाजार बदलला आहे. किराणा पुड्यांत येतो आणि पुडीचे माप दुकानदाराच्या तागडीऐवजी कारखान्यात ठरते. 'मापात पाप' करायला आता वजनात खोट लागत नाही, चित्रविचित्र वजनाचा पुडा पुरतो. गिऱ्हाइकाला तुलना करता यावी म्हणून युरोपात १९९८ मध्येच एकक किंमत दाखवण्याचा निर्देश निघाला. आपल्याकडे वेष्टित वस्तूंच्या २०११ च्या नियमांत नोव्हेंबर २०२१ मध्ये दुरुस्ती जाहीर झाली आणि काही मुदतवाढींनंतर ती लागू झाली. आता पुड्यावर कमाल किमतीजवळ बारीक अक्षरात एकाची किंमतही छापलेली असते. चांगली गोष्ट आहे. घरातल्या मोठ्यांनी आणि मुलांनी ती शोधण्याचा खेळ जरूर खेळावा. तो खेळ मी नातीबरोबर खेळलो आणि त्यात एक गंमत निघाली.

आमच्या घरात एकाच चहाचे दोन पुडे होते. पाव किलोचा १२९ रुपयांचा आणि अर्ध्या किलोचा २६२ रुपयांचा. दोन्हींवर एकाची किंमत छापलेली होती : ग्रॅमला ०.५२ रुपये. "म्हणजे दोन्ही सारखेच," नात म्हणाली. मी म्हटले, भागून बघ. तिने भागले. लहान पुडा ग्रॅमला ०.५१६, मोठा ०.५२४. नियमाप्रमाणे किंमत दोन दशांश स्थळांपर्यंत पूर्णांकात आणायची, म्हणून दोन्ही ०.५२ झाले. किलोचा हिशेब केला तर लहान पुडा ५१६ चा आणि मोठा ५२४ चा. मोठा पुडा स्वस्त पडतो असे आपण समजतो, इथे तो किलोमागे आठ रुपयांनी महाग होता, आणि छापील आकड्यात ते आठ रुपये दिसेनासे झाले होते. कोणी लबाडी केली नव्हती. एक फार लहान निवडला, इतकेच.

दुसरी अडचण त्याच नियमातली. किलोच्या आतल्या पुड्यावर ग्रॅमचा भाव लिहायचा आणि किलोच्या वरच्या पुड्यावर किलोचा. त्यामुळे ८०० ग्रॅमच्या पुड्यावर ०.१२ असते आणि दोन किलोच्या पिशवीवर ११८.५०. शेजारी शेजारी ठेवलेल्या या दोन आकड्यांपुढे गिऱ्हाईक आमच्या त्या खातेदारासारखेच उभे राहते. लाख की एकशे दहा? छापील एकाची किंमत आपली मदत करते, पण कशाचा एक हे पाहण्यातून आपली सुटका करत नाही.

हे सगळे नातीला सांगताना मला एक कबुली द्यावी लागली. एकमान पद्धत सर्वत्र चालत नाही. आमच्या डोक्यावरच्या दोरीकडे बोट दाखवून मी विचारले, एक साडी वाळायला दोन दिवस लागतात, तर पाच साड्यांना किती? तिने आधी झटकन "दहा" म्हटले, मग वर पाहून ती हसली. सहा मजुरांना एका बांधाला दहा दिवस लागत असतील तर एकट्या मजुराला किती? इथे भागायचे नाही, गुणायचे. एकट्याला साठ दिवस. मासळी बाजारात कोळीण एक वाटा शंभराला देते आणि तीन घेतले तर अडीचशेत देते, तिथे वाट्याचा भाव एकच राहत नाही. पुस्तकातल्या उदाहरणात 'त्याच दराने' हे शब्द न लिहिता गृहीत धरलेले असतात. बाजारात ते विचारून घ्यावे लागतात.

मग आम्ही दोघांनी एक शिस्त ठरवली. पेन्सिल उचलण्याआधी उत्तर मोठे येईल की लहान, ते तोंडाने सांगायचे. मग विचारायचे, कशाचा एक? वहीचा एक की रुपयाचा एक? दोन्ही चालतात. एका वहीचे रुपये काढा किंवा एका रुपयाची वही काढा, सोयीचे असेल ते घ्या. आणि मधे जो आकडा येईल त्याच्यापुढे त्याचे नाव लिहायचे. नुसते ३५ लिहायचे नाही, 'एका वहीचे ३५ रुपये' असे लिहायचे. गुणायचं की भागायचं, हा प्रश्न त्या दिवसापासून तिने मला विचारलेला नाही. उदाहरणे अजूनही चुकतात, पण चुकली की तिला स्वतःलाच संशय येतो.

पुढच्या रविवारी मी तिला उरण नाक्यावर घेऊन गेलो. कंटोलीवाली मायलेकी तिथेच होत्या. मी पुन्हा शंभर रुपयांची मागितली. पोरगी पुटपुटू लागली, साठची पाव, तीसची अर्धा पाव. माझी नात खिशातून छोटी वही काढून उकिडवी बसली. २५० ग्रॅमचे ६० रुपये, एका रुपयाचे चार पूर्णांक एक षष्ठांश ग्रॅम, शंभराचे ४१६ पूर्णांक दोन तृतीयांश ग्रॅम. तिने मान वर केली तेव्हा काट्यावर ४३० होते.

"तू जास्त दिलीस," नात म्हणाली. "चारशे सतराच होतात."

"ओली हायेत ना," ती पोरगी म्हणाली. "तेरा पान्याचे."

दोघी एकमेकींकडे पाहून हसल्या. नातीने आपला कागद तिच्यापुढे धरला आणि बोट ठेवून दाखवले, इथे तुझी पाव, हे तुझे नव्वद झाले, हे उरलेले दहा. पोरीने कागद हातात घेऊन बराच वेळ पाहिला. तिने तोंडाने केले होते ते सगळे तिथे ओळीने लिहिलेले होते.

तिची आई मान वाकवून कागदाकडे बघत होती. तिने मला विचारले, "म्हंजे बाबा, शालेत गनित बोलतात ते ह्येच का?"

मी म्हटले, "हेच."